लेण्यांतली नावे, वाळवंटातला उकिरडा

पश्चिम भारत आणि रोमन साम्राज्य यांच्यात दोन हजार वर्षांपूर्वी जो सागरी व्यापार चालत असे, त्याचा इतिहास बराच काळ रोमच्या बाजूने लिहिला गेला. त्याची कारणे समजण्यासारखी आहेत. लिखित साधने त्या बाजूचीच होती. भारत दरवर्षी साम्राज्यातून पाच कोटी सेस्टर्स ओढून नेतो, ही तक्रार रोमन लेखक प्लिनीने इ.स.च्या पहिल्या शतकात लिहून ठेवली. त्याच शतकाच्या मध्यात इजिप्तमधल्या एका ग्रीकभाषी व्यापाऱ्याने ‘पेरिप्लस’ या नावाने ओळखले जाणारे बंदरांचे वर्णन लिहिले. दक्षिण भारतात रोमन सोन्याच्या नाण्यांचे साठे सापडत होते. १९४५ मध्ये मॉर्टिमर व्हीलर यांनी पुद्दुचेरीजवळच्या अरिकामेडूला उत्खनन केले, तिथे इटलीत बनलेली लाल झिलईची भांडी निघाली, आणि चित्र पक्के झाले: रोमन जहाजे येतात, सोने देतात, मिरी आणि कापड घेऊन जातात; भारतीय माणूस किनाऱ्यावर उभा राहून माल विकतो. या चित्रात धाडस एका बाजूचे आहे आणि वस्तू दुसऱ्या बाजूच्या. माझे म्हणणे असे की हे चित्र अर्धेच आहे, आणि त्याचा उरलेला अर्धा भाग ग्रंथांत शोधून मिळणार नाही. तो सह्याद्रीच्या कातळात कोरलेल्या लेण्यांत आहे आणि तांबड्या समुद्राच्या काठावरच्या वाळवंटात आहे. ही दोन ठिकाणे एकमेकांशेजारी ठेवून वाचली, तर हा व्यापार रोमने चालवलेला दिसत नाही. त्यात सह्याद्रीच्या दोन्ही अंगांच्या माणसांचे भांडवल, त्यांची मेहनत आणि त्यांचा स्वतःचा समुद्रप्रवास होता, असे दिसते.

आधी एक साधा प्रश्न सोडवायला हवा: दख्खनच्या इतिहासासाठी इजिप्तच्या वाळूत का जायचे? कारण दख्खनची माती बहुतेक सेंद्रिय वस्तू खाऊन टाकते. दरवर्षी चार महिने मुरणारे पाणी, पावसात फुगणारी आणि उन्हाळ्यात भेगाळणारी काळी माती, वाळवी, बुरशी. इथल्या पांढरीच्या टेकाडात खापरे, मणी, नाणी, हाडे आणि जळून कोळसा झालेले धान्य मिळते. सूत, दोरखंड, चटई, कातडे, लाकूड मिळत नाही. नेवाशाला ताम्रपाषाणयुगातल्या एका बालकाच्या दफनात तांब्याच्या मण्यांच्या माळेतला धागा सापडला, तो केवळ तांब्याचा गंज त्याच्यात उतरल्यामुळे टिकलेला. एवढ्या योगायोगाखेरीज धागा टिकत नाही. ज्या प्रदेशाची ख्याती कापसाची आणि कापडाची, तिथल्या प्राचीन कापडाचा पुरावा तिथल्याच जमिनीत नसावा, ही या अभ्यासातली मोठी अडचण आहे. लेणी या नियमाला काही अंशी अपवाद. कातळाच्या पोटात पाऊस पोचत नाही, म्हणून कार्ल्याच्या चैत्यगृहातल्या छताच्या लाकडी फासळ्या आणि स्तूपावरची लाकडी छत्री आजही जागच्या जागी आहेत. पण लेण्यात माणसे कायमची टिकावी असे वाटणारीच गोष्ट ठेवत. तिथे उकिरडा नाही, हिशेबाचे खापर नाही, फाटके शीड नाही. वाळवंटात नेमके तेच आहे. लेणे माणसाचा संकल्प सांगते, वाळवंट त्याचा रोजचा व्यवहार. पुराव्याच्या या दोन जाती एकमेकींची उणीव भरून काढतात.

कार्ल्यापासून सुरुवात करू. बोरघाटाच्या वाटेवर, कोकणातून वर चढून आलेला माल जिथे देशावर पोचतो तिथे, सुमारे ३८ मीटर लांब आणि १४ मीटर रुंद असे हे चैत्यगृह आहे. प्राचीन लेखांत या जागेचे नाव वलूरक. वैजयंतीचा, म्हणजे आजच्या कर्नाटकातल्या बनवासीचा, श्रेष्ठी भूतपाल आपल्या लेखात हे शैलगृह जंबुद्वीपात उत्तम असल्याचे सांगतो. या अभिमानाला आधार आहे. भारतातल्या कोरीव चैत्यगृहांत याच्याइतके भव्य दुसरे नाही. पण खरी माहिती खांबांवर आहे. एकेक खांब एकेका माणसाने दिलेला आणि त्यावर त्याचे नाव, गाव, कधी धंदा. धेनुकाकट या गावचे दाते पुष्कळ. त्यात सुगंधी द्रव्यांचा व्यापारी सिंहदत्त आहे, दरवाजाचे काम करणारा सुतार सामिक आहे, आणि स्वतःला यवन, म्हणजे ग्रीक, म्हणवणारे अनेक जण आहेत. असेच यवन जुन्नरला भेटतात: इरिल नावाच्या यवनाने पाण्याची दोन टाकी दिली, चिट नावाच्या यवनाने भिक्षूंसाठी भोजनमंडप दिला. नाशिकच्या पांडवलेण्यांत उत्तरेकडच्या दत्तामित्री गावचा योनक, धर्मदेवाचा मुलगा इंद्राग्निदत्त, आईवडिलांच्या पुण्यासाठी अख्खे लेणे कोरवून घेतो. राजांची आणि क्षत्रपांची दाने आहेतच. पण राजाचे नाव काढून टाकले तरी ही लेणी रिकामी होत नाहीत. जुन्नरला धान्य विकणाऱ्यांची श्रेणी, म्हणजे व्यवसायसंघ, दान देते; बांबूकाम करणाऱ्यांच्या आणि कासारांच्या श्रेणींकडे दानाच्या ठेवी ठेवल्या जातात. त्या काळातल्या कारागिरांची नावे आणि धंदे सांगणारा इतका दाट लेखसंग्रह एका प्रदेशात मिळणे ही दुर्मीळ गोष्ट आहे, आणि आपण तो बहुधा शिल्पकलेच्या ओघात उरकून टाकतो.

नाशिकच्या दहाव्या लेण्यातला एक लेख मात्र उरकून टाकता येत नाही. क्षहरात क्षत्रप नहपानाचा जावई उषवदात याने हे लेणे बौद्ध भिक्षूंच्या संघाला दिले आणि त्यासोबत तीन हजार कार्षापणांची अक्षयनीवी, म्हणजे मुद्दल कधीही न मोडण्याची ठेव, ठेवली. ही ठेव त्याने गोवर्धन येथील विणकरांच्या दोन श्रेणींकडे दिली: एकीकडे दोन हजार, दरमहा शेकडा एक व्याजाने, दुसरीकडे एक हजार, दरमहा शेकडा पाऊण व्याजाने. पहिल्या ठेवीचे व्याज महिन्याला वीस, वर्षाला दोनशे चाळीस कार्षापण होते. वर्षावासाला येणाऱ्या वीस भिक्षूंना चीवरासाठी प्रत्येकी बारा कार्षापण द्यावेत असे लेख सांगतो. वीस गुणिले बारा, बरोबर दोनशे चाळीस. दगडावर कोरलेला हिशेब आजही चुकत नाही. हा व्यवहार निगमसभेत ऐकवला गेला आणि तिथल्या दप्तरी नोंदवला गेला, असेही लेखात आहे. धार्मिक दान म्हणून हे वाचून पुढे जाता येते. पण विणकरांच्या बाजूने पाहिले तर? एका गावात विणकरांच्या दोन श्रेणी आहेत, त्या परक्याचे भांडवल कायमचे बाळगायला तयार आहेत आणि त्यावर वर्षानुवर्षे बारा टक्के व नऊ टक्के व्याज देण्याची हमी घेत आहेत. गावापुरते धोतर-पागोटे विणणाऱ्यांना ही हमी परवडत नाही. त्यांच्या कापडाला मोठी आणि खात्रीची मागणी असली पाहिजे. ‘पेरिप्लस’ सांगते की पैठणहून भडोचला अकीकासारखे रंगीत दगड जात आणि तगरहून, म्हणजे आजच्या धाराशिव जिल्ह्यातल्या तेरहून, जाडेभरडे कापड, तलम मलमल आणि कापडाच्या इतर जाती मोठ्या प्रमाणात जात. पैठणला भडोचहून वीस दिवसांची वाट, तिथून तगरला पूर्वेकडे आणखी दहा दिवसांची. कापड होते, वाट होती, भांडवल होते, भांडवल राखणारी संस्था होती. फक्त कापड उरले नाही.

ते कापड उरले बेरेनिकेला. इजिप्तच्या दक्षिणेकडे, तांबड्या समुद्राच्या काठी, टॉलेमी दुसरा याने इ.स.पू. तिसऱ्या शतकात वसवलेले हे बंदर सुरुवातीला आफ्रिकेतले लढाऊ हत्ती उतरवण्यासाठी होते. पुढे रोमन काळात ते भारताकडे जाणाऱ्या जहाजांचे ठाणे झाले. नाईलवरच्या कॉप्टोसपासून इथवर उंटांच्या तांड्याला बारा दिवस लागत, असे प्लिनी सांगतो. इ.स.च्या सहाव्या शतकाच्या मध्यापूर्वी बंदर ओस पडले आणि त्यावर वाळू चढली. १९९४ पासून स्टीव्हन साइडबोथम, विलेके वेंड्रिक आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी, पुढे पोलिश पथकाच्या साथीने, इथे उत्खनन चालवले आहे. सर्वांत बोलका भाग गावचा उकिरडा. त्यात आणि घरांच्या पडझडीत काय निघाले? सेरापिसच्या देवळाच्या आवारात भारतीय बनावटीच्या रांजणात साडेसात किलोंहून जास्त काळी मिरी. नारळाच्या करवंट्या. तांदूळ आणि मूग. गुंजा. भारतीय चटयांचे तुकडे. शेवटच्या काळातल्या इमारतींत जहाजे मोडून काढलेले सागवान, जे इजिप्तमध्ये उगवत नाही. मिरी श्रीमंताच्या स्वयंपाकघरासाठी असेल, पण मूग हा काही रोमला पाठवायचा उंची माल नव्हे. तांदूळ आणि मूग ज्यांच्या रोजच्या जेवणात होते अशी माणसे बंदरात राहत होती किंवा निदान बरेच दिवस मुक्काम करत होती, हा त्याचा सरळ अर्थ आहे. मोसमी वारे पाळून चालणाऱ्या या प्रवासात मुक्काम टळत नसे. जहाजाला परतीच्या वाऱ्याची वाट पाहावीच लागे.

कापडाचा पुरावा याहून बारीक आणि म्हणून जास्त भक्कम आहे. सूत कातताना धाग्याला पीळ पडतो, तो डावीकडे किंवा उजवीकडे. आणि कुठल्या प्रदेशात कोणता पीळ द्यायचा ही सवय पिढ्यान् पिढ्या बदलत नाही, कारण ती हाताच्या वळणात आणि चातीच्या फिरकीत असते. इजिप्तमध्ये जवसाच्या धाग्याची जुनी परंपरा, तिथला पीळ एका दिशेचा. तिथल्या मरूद्यानांत आणि दक्षिणेकडच्या नूबियात कापूस पिकू लागला तेव्हा तोही त्याच दिशेने कातला गेला. भारतातला पीळ उलट्या दिशेचा. त्यामुळे बेरेनिके आणि तिच्या उत्तरेचे दुसरे बंदर मायोस होर्मोस, म्हणजे आजचे कुसैर अल-कादिम, इथे सापडलेल्या सुती चिंध्यांतून भारतीय कापड वेगळे काढता येते. त्यात मेणाने किंवा तत्सम लेपाने नक्षी राखून निळ्या रंगात बुडवलेले कापड आहे. आणि त्यात शिडांचे तुकडे आहेत, आडव्या-उभ्या पट्ट्या शिवून बळकट केलेले. शिडाची ठेवण भूमध्य समुद्रातल्या जहाजांची, सूत मात्र भारतीय पिळाचे. एकाच वस्तूत दोन किनारे शिवलेले आहेत. हे जहाज ‘रोमन’ की ‘भारतीय’, हा प्रश्न त्या शिडापुढे निरर्थक होतो. बंदरातल्या माणसांनी जे मजबूत आणि हाताशी होते ते वापरले, आणि हाताशी असलेल्या गोष्टींत भारतीय सुती कापड इतके नेहमीचे होते की त्याची शिडे शिवावीत.

आता माणसे. कुसैर अल-कादिमला मिळालेल्या खापरांवर ब्राह्मी लिपीत तमिळ नावे आहेत: कण्णन, चातन. तिथल्याच एका प्राकृत खापरावर तीन नावांपुढे तेल, मांस आणि दारू यांची नोंद आहे. हे रेशन घेणारे लोक दगडावर पुण्य नोंदवत नव्हते. त्यांना संध्याकाळच्या जेवणाची सोय लावायची होती. नाईल आणि समुद्र यांच्यामधल्या वाळवंटात अल-कनाइस येथे प्रवाशांचा राखणदार पॅन याच्या ठाण्यावर सोफोन नावाच्या भारतीयाने ग्रीक भाषेत देवाचे आभार मानले आहेत. वादी मनीहमधल्या एका कपारीत, जिथे तांडे उन्हाला थांबत, गायस न्यूमिडियस इरॉस नावाच्या माणसाने भारतातून परतताना आपले नाव खरडले. वर्ष इ.स.पू. २. येणारे आणि जाणारे दोघेही एकाच सावलीला बसत होते. २०२२ मध्ये बेरेनिकेच्या इसिस मंदिराच्या आवारात ७१ सेंटिमीटर उंचीची संगमरवरी बुद्धमूर्ती निघाली. दगड आजच्या इस्तंबूलजवळच्या बेटावरचा, घडण बहुधा अलेक्झांड्रियात, सुमारे दुसऱ्या शतकातली. त्याच मंदिरात रोमन बादशहा फिलिप याच्या कारकिर्दीतला, इ.स. २४८ चा, वासुल नावाच्या क्षत्रियाचा संस्कृत लेख मिळाला. वासुदेव, संकर्षण आणि एकानंशा यांचे छोटे शिल्प मिळाले, आणि सातवाहनांची दोन नाणी. इसिसच्या देवळात बुद्ध, शेजारी संस्कृत लेख. ज्याने ही मूर्ती घडवून घेतली त्याच्यापाशी परदेशी शिल्पकाराला सांगण्याइतकी ओळख होती, पैसा होता आणि परक्या देवळात आपला देव बसवण्याइतकी पत होती. कार्ल्याच्या खांबावरचा यवन जे करत होता तेच हा माणूस उलट्या दिशेने करत होता: परक्या देशात धंदा करायचा, तर तिथल्या पूज्य जागी आपले दान आणि आपले नाव ठेवायचे.

लेण्यांचा पुरावा आणि वाळवंटाचा पुरावा ज्या एका जागी अक्षरशः भेटतात, ती जागा दोन्हींच्या मधोमध समुद्रात आहे. एडनच्या आखाताच्या तोंडाशी सोकोत्रा बेटावर होक नावाची दोन किलोमीटरहून लांब नैसर्गिक गुहा आहे. या शतकाच्या सुरुवातीला बेल्जियन गुहा-संशोधकांच्या पथकाला तिच्या खोल अंधाऱ्या भागात भिंतींवर, खाली पडलेल्या शिळांवर आणि चुनखडीच्या खांबांवर कोळशाने, मातीने आणि खरडून लिहिलेले दोनशेहून अधिक लेख व चित्रे दिसली. त्यातले बहुसंख्य ब्राह्मी लिपीत, दुसऱ्या ते पाचव्या शतकाच्या आसपासचे. इंगो श्ट्राउख यांनी ते वाचून प्रसिद्ध केले. त्यात भरुकच्छ, म्हणजे भडोच, या गावचे नाव येते. काही जण आपण नाविक किंवा व्यापारी असल्याचे लिहितात. जहाजांची आणि स्तूपांची चित्रे आहेत. याच गुहेत पाल्मिरा या सिरियन वाळवंटी शहरातल्या माणसाने ठेवलेली लाकडी पाटी निघाली, तारीख इ.स. २५८ ची. दक्षिण अरबी, इथिओपी आणि ग्रीक लेखही आहेत, पण थोडे. काळोखात दिवटी घेऊन इतक्या आत चालत जाणे हा विरंगुळा नव्हता. वादळी समुद्रातून सुखरूप पोचलेला माणूस नवस फेडायला जातो, तसा त्याचा रोख दिसतो. गुहा आणि पूज्यभाव यांचे नाते या लोकांना घरून माहीत होते.

यावर पहिला आक्षेप संख्येचा. दोन-चार खापरे, एक मूर्ती, एक सोफोन. एवढ्यावरून भारतीय समुद्रप्रवासाचा सिद्धान्त उभारावा का? वाळवंटात टिकणे हाही योगायोगच, आणि योगायोगाने टिकलेल्या गोष्टी प्रमाण सांगत नाहीत. बेरेनिकेपुरता हा आक्षेप मान्य करायला हवा. तिथे ग्रीक लेखनच जास्त आहे, आणि असणारच. जकातनाक्याचे परवाने, उंटवाल्यांच्या पावत्या, सरकारी दप्तर सगळे ग्रीकमध्ये. पण होकच्या गुहेत सरकार नव्हते. तिथे कोणीही लिहू शकत होता आणि तिथले प्रमाण भारतीय लिपीकडे झुकलेले आहे. कोणी म्हणेल, भारतीयांना गुहेत नाव लिहायची खोडच होती, ग्रीकांना नव्हती. म्हणून संख्या फसवी आहे. हा आक्षेप जास्त विचार करण्याजोगा आहे, पण वादी मनीह आणि अल-कनाइसच्या कपारींनी त्याचे उत्तर आधीच दिले आहे. ग्रीक आणि रोमन प्रवासी वाटेवरच्या दगडांवर नावे खरडण्यात जराही मागे नव्हते. आणि खुद्द ‘पेरिप्लस’ या बेटावर अरब, भारतीय आणि काही ग्रीक व्यापारी राहतात असे सांगते. ग्रंथातले ते एक वाक्य आपण उगाच हलक्यात घेतले होते. गुहेने त्याला वजन दिले.

दुसरा आक्षेप कार्ल्याच्या यवनांवर. सिंहधय्य, धर्म अशी नावे असलेली ही माणसे कसली ग्रीक? पिढ्यान् पिढ्या इथे राहिलेले, इथल्या नावांचे, इथल्या धर्माचे लोक. त्यांना परदेशी व्यापाराशी जोडणे म्हणजे लेबल पाहून माल ओळखणे. यात तथ्य आहे, आणि त्यांना अलेक्झांड्रियाहून आलेले प्रवासी मानण्याची चूक जुन्या लेखकांनी केली होती. पण आक्षेप मान्य केल्याने माझा मुद्दा ढासळत नाही, उलट पक्का होतो. ज्यांनी इथली नावे घेतली, इथल्या संघाला खांब दिले आणि तरीही स्वतःची यवन ही ओळख दगडावर कोरून घेतली, त्यांना त्या ओळखीत काही किंमत वाटत होती. घाटमाथ्यावरच्या समाजात पश्चिमेशी नाते सांगणे लाजिरवाणे नव्हते, प्रतिष्ठेचे होते. व्यापाराने दूरवरून माणसे आणली की आधीपासूनच्या स्थायिकांना त्याने नवे काम दिले, यातले काय किती खरे हे प्रत्येक नावागणिक वेगळे असेल. दोन्ही स्थितींत हा व्यापार इथल्या समाजाच्या आत शिरलेला होता. तो किनाऱ्यावर अडकून पडला नव्हता.

तिसरा आक्षेप लेण्यांचा आणि व्यापाराचा संबंधच नाकारतो. संघ जगला तो शेतीवर, असे म्हणता येते. उषवदातानेच कार्ल्याच्या भिक्षूंना करजिक गाव दिले, दुसऱ्या एका दानात नारळाची आठ हजार रोपे दिली. ही जमिनीची दाने आहेत. हे खरे आहे, आणि व्यापारी मार्ग म्हटला की सगळे उलगडले असे मानणाऱ्यांनी ते विसरू नये. तरीही दामोदर धर्मानंद कोसंबी यांनी या डोंगरांत पायी फिरून जे दाखवून दिले ते टिकून आहे: लेणी सुपीक खोऱ्यांच्या मध्यभागी नाहीत, घाटवाटांच्या तोंडाशी आहेत. कार्ले, भाजे, बेडसे बोरघाटाजवळ. जुन्नर नाणेघाटाच्या माथ्याशी. नाशिक थळघाटाच्या वाटेवर. नाणेघाटात जकातीचा दगडी रांजण आजही आहे. गाव दान मिळाले ते लेणे उभे राहिल्यानंतर. लेणे कुठे उभे राहायचे ते वाटेने ठरवले. आणि नाशिकची ठेव विणकरांकडे आहे, शेतकऱ्यांकडे नाही. संघाचे उत्पन्न जमीन आणि व्याज या दोन पायांवर उभे होते, आणि व्याज देणारी श्रेणी बाजारावर.

इथे मोह आवरण्याचीही गरज आहे. वाळवंटातली प्रत्येक भारतीय वस्तू महाराष्ट्राची नव्हे. मिरी मलबारची. खापरांवरची तमिळ नावे दक्षिणेची. दुसऱ्या शतकाच्या मध्यातला जो पपायरस व्हिएन्नात जपून ठेवलेला आहे, ज्यात हर्मापोलोन नावाच्या जहाजावरच्या सुमारे सत्तर लाख सेस्टर्स किमतीच्या मालाचा हिशेब आहे, तो मुझिरिसचा, म्हणजे केरळच्या किनाऱ्याचा. बेरेनिकेतल्या कापडाचा मोठा भाग चौथ्या-पाचव्या शतकातला आहे. गोवर्धनच्या विणकरांचा लेख त्याहून बराच आधीचा. म्हणून बेरेनिकेतली अमुक चिंधी नाशिकची, असे मी म्हणत नाही आणि कोणी म्हणू नये. पुराव्याची शिस्त उलट दिशेनेही पाळावी लागते. महाराष्ट्रातल्या उत्खननांत एके काळी रोमन दारूच्या कुंभांची म्हणून नोंदलेली अनेक खापरे पुढे रॉबर्टा टॉम्बर यांच्या तपासणीत मेसोपोटेमियातल्या निमुळत्या कुंभांची निघाली. दारू आली होती, पण सगळी इटलीहून नव्हती. इराणच्या आखाताकडचे जाळेही तेवढेच जिवंत होते. या दुरुस्तीने एका साम्राज्याचे मोठेपण कमी झाले आणि अनेक लहान बंदरांचे वाढले. ‘रोमशी व्यापार’ या नावाखाली जे झाकले गेले होते त्यातले हेही एक.

या सगळ्यातून ग्रंथ कसा वाचावा याचेही वळण मिळते, आणि त्याचे उत्तम उदाहरण कल्याणचे आहे. ‘पेरिप्लस’ सांगते की कल्याण पूर्वी रीतसर बाजारपेठ होती, पण सांदनेस नावाच्या सत्ताधाऱ्याच्या हाती गेल्यापासून तिथला व्यवहार अडवला जातो; चुकून तिथे शिरलेली ग्रीक जहाजे पहाऱ्यात भडोचला नेली जातात. एवढेच वाचले तर पहिल्या शतकाच्या मध्यात कल्याण बुडाले असे वाटेल. कान्हेरीची लेणी वेगळे सांगतात. तिथल्या सातवाहनकालीन लेखांत कल्याणचे व्यापारी आहेत, कल्याणचा सोनार आहे, कल्याणचा लोहार आहे. कोणी पाण्याचे टाके दिले, कोणी वाट बांधली. ग्रीक खलाशाला बंदर बंद दिसले ते त्याच्या जहाजापुरते आणि त्याच्या वर्षापुरते. बंदराच्या मागे असलेले गाव, त्यातले कारागीर, त्यांच्याकडे उरणारा पैसा हे सर्व चालू होते किंवा लवकरच पुन्हा चालू झाले. बेरेनिके ओस पडली म्हणून तिचा उकिरडा शाबूत राहिला. कल्याण, सोपारा, चौल वसतीच राहिली; त्यांच्या जुन्या थरांवर आज घरे, रस्ते आणि इमारतींचे पाये आहेत, आणि त्याखालचे सूत व लाकूड पावसाने कधीच नेले. तिथल्या दुसऱ्या शतकातल्या सोनाराला गाठायचे असेल तर बोरिवलीच्या जंगलात चढून कान्हेरीच्या टाक्यांवरची अक्षरे वाचणे, हाच मार्ग आहे.